मराठवाड्यातील कृषिसुधारणा

मराठवाड्यातील कृषिसुधारणा : पूर्वीच्या हैदराबाद संस्थानातील मराठी भाषिक जिल्ह्यांत एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून शेतजमिनीची धारणा, सारापद्धती, पतपुरवठा, सिंचन आणि शेतमालाचे पणन यांत जे बदल झाले, त्यांना एकत्रितपणे ही संज्ञा लावण्यात येते. घरापुरते धान्य पिकविणारी व सारा धान्यरूपाने भरणारी शेती या काळात क्रमाक्रमाने रोख पैशासाठी आणि दूरच्या बाजारपेठेसाठी पिकविणारी शेती बनली. हे स्थित्यंतर एका कायद्याने किंवा एका राजवटीत घडले नाही. निजामाची राजवट, सप्टेंबर १९४८ मधील पोलीस कारवाईनंतरचे प्रशासन, द्वैभाषिक मुंबई राज्य व महाराष्ट्र राज्य यांनी त्यात भर घातली आणि १९९१ नंतरच्या आर्थिक उदारीकरणाने त्याला निराळे वळण दिले. बीड जिल्ह्यातील गेवराई तालुका व त्यातील उमापूरसारखी गावे या स्थित्यंतराच्या अभ्यासास उपयुक्त आहेत. काळी कसदार जमीन, बेभरवशाचा पाऊस, कापसाचे पीक आणि रेल्वेपासूनचे अंतर या मराठवाड्याच्या शेतीच्या चारही ठळक गोष्टी तेथे एकत्र आढळतात.

प्रदेश व पिके : बीड जिल्ह्याचे दोन नैसर्गिक भाग पडतात. दक्षिणेकडे बालाघाटच्या डोंगररांगा व त्यांवरील हलकी, मुरमाड जमीन आहे, तर उत्तरेकडे गोदावरीच्या काठचा सखल प्रदेश आहे. या सखल भागास ‘गंगथडी’ म्हणतात. गेवराई व माजलगाव हे तालुके प्रामुख्याने गंगथडीत मोडतात. येथील भारी काळी जमीन ओल धरून ठेवते त्यामुळे खरिपात कापूस, बाजरी व तूर आणि रब्बीत ज्वारी ही पिके पूर्वापार घेतली जात. ज्वारीपासून माणसास भाकरी व जनावरास कडबा मिळे, म्हणून ती कुटुंबाच्या सुरक्षिततेचे पीक मानली जाई. कापूस हे रोख पैशाचे पीक होते. या दोन पिकांखालील क्षेत्राचे प्रमाण कसे बदलत गेले, हे पाहिल्यास बाजारव्यवस्था शेतकऱ्याच्या घरात किती शिरली, याचा अंदाज येतो.

निजाम राजवटीतील जमीनव्यवस्था : हैदराबाद संस्थानातील सु. ६० टक्के जमीन दिवाणी अथवा खालसा म्हणजे प्रत्यक्ष सरकारच्या ताब्यातील होती. सु. १० टक्के जमीन निजामाच्या खाजगी खर्चासाठी राखलेली ‘सर्फ-ए-खास’ होती व उरलेली सु. ३० टक्के जहागिरदार, पायगा आणि संस्थानिक यांच्याकडे होती. पहिले सालारजंग यांनी आपल्या दिवाणपदाच्या काळात (१८५३-८३) सारावसुलीचे मक्ते बंद करून जिल्हापद्धती रूढ केली. पुढे मराठवाड्यात शेजारच्या मुंबई इलाख्याच्या धर्तीवर मोजणी होऊन रयतवारी पद्धती अमलात आली. सरकारदरबारी ज्याच्या नावाची नोंद असे त्यास ‘पट्टेदार’ म्हणत. प्रत्यक्ष कसणारा बहुधा ‘शिकमीदार’, ‘असामी शिकमी’ किंवा बटाईदार असे व त्याच्या हक्कास पुरेसे संरक्षण नव्हते.

या सुधारणेचा एक दूरगामी परिणाम झाला. सारा रोखीने द्यावयाचा असल्याने पीक हाती येताच त्याचा काही भाग विकणे शेतकऱ्यास भाग पडू लागले. सुगीच्या वेळी सर्वांचाच माल एकदम बाजारात येई व भाव पडत. शेतकऱ्याचा बाजाराशी पहिला व्यापक संबंध अशा प्रकारे नफ्याच्या आशेने नव्हे, तर साऱ्याच्या निकडीने आला. बाजाराची वेळ शेतकऱ्याने ठरवायची की त्याच्या देण्याने, हा प्रश्न येथेच उत्पन्न झाला व पुढील प्रत्येक सुधारणेत तो निरनिराळ्या स्वरूपात उपस्थित होत राहिला.

कापूस, रेल्वे व सावकारी : अमेरिकेतील यादवी युद्धामुळे (१८६१-६५) इंग्लंडातील गिरण्यांना हिंदी कापसाची गरज भासली व दख्खनमधील कापसाला अभूतपूर्व भाव मिळाला. युद्ध संपताच भाव कोसळले. मराठवाड्यातील कापसाच्या व्यापारास खरी गती मनमाड-हैदराबाद या मीटरमापी रेल्वेमार्गाने मिळाली. हा मार्ग १९०० च्या सुमारास पूर्ण झाला. त्यावरील जालना, सेलू, परभणी, नांदेड इ. गावी जिनिंग-प्रेसिंगचे कारखाने व अडतीची दुकाने निघाली. हा मार्ग गोदावरीच्या उत्तरेकडून गेल्यामुळे गेवराई व बीड हे तालुके मात्र बाजूला पडले. तेथील कापूस बैलगाड्यांतून नदीपलीकडे न्यावा लागे. पश्चिमेस शेवगाव तालुका असला, तरी तो ब्रिटिश अंमलाखालील अहमदनगर जिल्ह्यात होता. सरहद्दीवर करोडगिरी म्हणजे जकात द्यावी लागे, शिवाय निजामाचे ‘हाली शिक्का’ हे चलन वेगळे असल्याने बट्ट्याचा भुर्दंड पडे. जवळची पेठ दूर आणि दूरची पेठ महाग, अशी या भागातील शेतकऱ्याची अवस्था होती. बीड शहर लोहमार्गाने अहिल्यानगरशी जोडले जाण्यास २०२५ साल उजाडावे लागले, ही गोष्ट या संदर्भात लक्षात घेण्याजोगी आहे.

पीक उभे असतानाच सावकाराकडून धान्य किंवा रोकड उचलावयाची व सुगीत सवाई-दिढीने परत करावयाची, ही रीत सार्वत्रिक होती. कर्ज फिटले नाही की गहाणखत, मुदत-खरेदीखत व शेवटी कायम खरेदीखत अशा पायऱ्यांनी जमीन हातची जाई. पुणे व अहमदनगर जिल्ह्यांत १८७५ मध्ये सावकारांविरुद्ध दंगे झाले व त्यांनंतर दख्खन कृषक साहाय्य अधिनियम (१८७९) संमत झाला परंतु तो ब्रिटिश प्रदेशापुरता मर्यादित होता. सरहद्दीच्या अलीकडील शेतकऱ्यास तसे संरक्षण नव्हते. १९२९ नंतरच्या जागतिक मंदीत कापसाचे भाव घसरल्याने जमिनीचे हस्तांतरण वाढले. तेव्हा संस्थानी सरकारने १९३० च्या दशकात जमीन-हस्तांतरणास आळा घालणारे, कर्जतडजोडीचे आणि सावकारीनियंत्रणाचे कायदे केले. तत्पूर्वी १९३० मध्ये नियंत्रित बाजारपेठांचा कायदाही करण्यात आला होता. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात सक्तीच्या धान्यवसुलीने (लेव्ही) ग्रामीण भागातील असंतोषात भर पडली.

जहागिरदारीनिर्मूलन व कूळकायदे : हैदराबाद संस्थान भारतीय संघराज्यात सामील झाल्यानंतर जमीनसुधारणांना वेग आला. १९४९ च्या प्रारंभी सर्फ-ए-खासचे क्षेत्र दिवाणीत विलीन करण्यात आले आणि त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये विनियम काढून जहागिरी रद्द झाल्या. संपूर्ण शेतीची पुनर्रचना करू पाहणारा हैदराबाद कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियम जून १९५० मध्ये अमलात आला. ठराविक काळात किमान सहा वर्षे सलग जमीन कसणाऱ्यास या अधिनियमाने ‘संरक्षित कूळ’ हा दर्जा दिला, खंडाच्या रकमेवर मर्यादा घातली आणि कुळास जमीन विकत घेण्याचा अधिकार दिला. १९५४ च्या दुरुस्तीने समाविष्ट झालेल्या कलम ३८-ई नुसार शासनाने अधिसूचित केलेल्या तारखेपासून विशिष्ट मर्यादेपर्यंतची जमीन संरक्षित कुळाच्या मालकीची झाल्याचे मानण्यात येऊ लागले. इनामे व रोख अनुदाने रद्द करणारा कायदाही १९५४-५५ च्या सुमारास झाला.

कायद्याचा हेतू व त्याची अंमलबजावणी यांत अंतर राहिले. जहागिरदारीनिर्मूलन व जमीनसुधारणा यांच्या हैदराबाद राज्यातील परिणामांची अ. म. खुसरो यांनी पाहणी केली व ती १९५८ मध्ये प्रसिद्ध झाली. तीनुसार १९५१ मध्ये नोंदलेल्या दर शंभर संरक्षित कुळांपैकी चार वर्षांच्या आत सु. ४५ कुळांकडेच तो दर्जा उरला होता. सु. १२ कुळांनी जमीन विकत घेतली होती सु. २२ कुळांना बेकायदेशीरपणे काढून टाकण्यात आले होते आणि सु. १८ कुळांनी जमीन ‘स्वेच्छेने’ सोडल्याची नोंद होती. या स्वेच्छेमागे बहुधा कर्जाचा, जातीय दबावाचा किंवा अज्ञानाचा भाग असे. जुने दप्तर उर्दूत असल्याने आपल्या नावासमोर काय लिहिले आहे, हे कसणाऱ्यास वाचता येत नसे. १९५४ च्या सुमारास तयार झालेल्या खासरा पत्रकास व पहाणी पत्रकास मराठवाड्यातील जमिनीच्या दाव्यांत पुढे जे महत्त्व आले, त्याचे मूळ येथे आहे. पत्रकात नाव लागले ते कूळ मालक झाले. ज्याचे लागले नाही, तो पिढ्यान्‌पिढ्या तीच जमीन कसत असूनही मजूर ठरला.

१ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाडा द्वैभाषिक मुंबई राज्यात व १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्यात समाविष्ट झाला. महाराष्ट्र शेतजमीन (जमीनधारणेची कमाल मर्यादा) अधिनियम, १९६१ हा २६ जानेवारी १९६२ पासून लागू झाला. १९७५ च्या सुधारणेने बारमाही सिंचनाच्या जमिनीसाठी १८ एकर व कोरडवाहू जमिनीसाठी ५४ एकर अशी प्रतिकुटुंब मर्यादा ठरली. तथापि वाटण्या व हस्तांतरणे आधीच झालेली असल्याने भूमिहीनांच्या वाट्याला अपेक्षेपेक्षा कमी व बऱ्याचदा हलक्या प्रतीची जमीन आली. वाटण्यांमुळे पुढे खातेदारांची संख्या वाढत गेली व सरासरी धारणक्षेत्र घटत गेले. जमिनीच्या मालकीचा प्रश्न असा अंशतः सुटला, तरी थोड्या जमिनीवर बाजारातील चढउतार सोसण्याचा प्रश्न त्यातून नव्याने उभा राहिला.

पत, पाणी व बियाणे : अखिल भारतीय ग्रामीण पतपाहणीने (१९५१-५२) असे दाखविले, की देशातील शेतकऱ्यांच्या कर्जापैकी जेमतेम ३ टक्के कर्ज सहकारी संस्थांकडून मिळत होते आणि सु. ७० टक्के सावकारांकडून. त्यानंतर गावोगावी सेवा सहकारी संस्था व जिल्हा मध्यवर्ती बँका यांच्या द्वारे पीककर्ज देण्याची पद्धत विस्तारली. १९६९ मध्ये मोठ्या व्यापारी बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले आणि १९७६ मध्ये नांदेड येथे मराठवाडा ग्रामीण बँक स्थापन झाली. थकबाकीदारास नवे कर्ज मिळत नसल्याने दुष्काळाच्या वर्षानंतर शेतकरी पुन्हा सावकाराकडे अथवा बी-बियाणे उधार देणाऱ्या कृषी सेवा केंद्राकडे वळे. कर्जाचा धनी बदलला, परंतु सुगीत माल विकून देणे भागविण्याची निकड कायम राहिली.

सिंचनाच्या दृष्टीने पैठण येथील जायकवाडी प्रकल्प हा मराठवाड्यातील सर्वांत मोठा प्रयत्न होय. १९६५ मध्ये लालबहादूर शास्त्री यांच्या हस्ते त्याची पायाभरणी व १९७६ मध्ये इंदिरा गांधी यांच्या हस्ते उद्‌घाटन झाले. सु. १३२ किमी. लांबीचा त्याचा उजवा कालवा शेवगाव व गेवराई तालुक्यांतून माजलगाव जलाशयाकडे जातो. डाव्या कालव्याचे नियोजित लाभक्षेत्र सु. १,४१,६४० हे., तर उजव्याचे सु. ४१,६८२ हे. आहे. कालव्याच्या पट्ट्यात ऊस आला व सहकारी साखर कारखाने निघाले. गेवराई तालुक्यात गढी येथील जय भवानी सहकारी साखर कारखाना हे त्याचे उदाहरण होय. कालव्याबाहेरील गावे मात्र पावसावर अवलंबून राहिली. धरणाच्या वरच्या बाजूस पाणी अडविले गेल्याने अनेक वर्षी जलाशय पुरेसा भरत नसे, म्हणून पाण्याच्या समन्यायी वाटपाचा वाद २००५ च्या जलसंपत्ती नियमन प्राधिकरण अधिनियमानंतर अधिक ठळकपणे पुढे आला.

संकरित ज्वारी १९६० च्या दशकाच्या मध्यात व संकरित कापूस १९७० नंतर प्रचारात आला. मराठवाडा कृषी विद्यापीठाची स्थापना १९७२ मध्ये परभणी येथे झाली. नांदेड येथील संशोधन केंद्राचा ‘एनएचएच-४४’ हा संकरित वाण १९८० च्या दशकात कोरडवाहू क्षेत्रात विशेष लोकप्रिय ठरला. संकरित वाणामुळे उत्पादन वाढले, पण दर वर्षी नवे बियाणे, खते व कीटकनाशके विकत घ्यावी लागू लागली. शेतकरी त्यामुळे माल विकणारा आणि निविष्ठा विकत घेणारा अशा दोन्ही नात्यांनी बाजाराशी बांधला गेला.

१९७२ चा दुष्काळ व रोजगार हमी : १९७२-७३ च्या दुष्काळात बीड व लगतच्या जिल्ह्यांत पिके बुडाली. वि. स. पागे यांच्या कल्पनेतून साकारलेल्या रोजगार हमी योजनेस या काळात मोठा विस्तार मिळाला. १९७७ मध्ये तीस अधिनियमाचे रूप मिळाले व २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. पाझर तलाव, नालाबांध, बांधबंदिस्ती व रस्ते ही कामे तीतून झाली. याच सुमारास बीड जिल्ह्यातून पश्चिम महाराष्ट्रातील साखर कारखान्यांकडे ऊसतोडीसाठी होणारे हंगामी स्थलांतर वाढत गेले. मुकादमाकडून आगाऊ रक्कम (उचल) घ्यावयाची व ती फिटेपर्यंत नवरा-बायकोने मिळून एक ‘कोयता’ म्हणून राबावयाचे, असे या कामाचे स्वरूप आहे. पूर्वी उभ्या पिकावर काढले जाणारे कर्ज येथे श्रमावर काढले जाते, एवढाच त्यात फरक होय.

कापूस एकाधिकार योजना : शेतमालाच्या नियंत्रित बाजाराची सुरुवात विदर्भातील कारंजा येथे १८८६ मध्ये झाली होती. स्वातंत्र्योत्तर काळात महाराष्ट्र कृषि उत्पन्न पणन (नियमन) अधिनियम, १९६३ याने संपूर्ण राज्यात कृषी उत्पन्न बाजार समित्यांची रचना एकसारखी केली. रुमालाखाली बोटे दाबून भाव ठरविण्याची हत्ता पद्धत, मनमानी कडता, हमाली व तोलाई यांवर बंधने येऊन उघड लिलाव व तत्काळ चुकारा यांची तरतूद झाली.

कापसाच्या बाबतीत शासन त्यापुढे गेले. १९७१ च्या अधिनियमाने १९७२-७३ च्या हंगामापासून राज्यातील सर्व कापूस खरेदीचा एकाधिकार शासनाकडे आला. प्रारंभी राज्य सहकारी पणन महासंघ व पुढे १९८४ मध्ये स्थापन झालेला कापूस उत्पादक पणन महासंघ यांनी हे काम पाहिले. हमी भाव देणे, रुई व सरकी विकून आलेला नफा अंतिम भावाच्या रूपाने शेतकऱ्यास परत करणे आणि सोसायटीचे कर्ज चुकाऱ्यातून वसूल करून पत व पणन यांची सांगड घालणे, हे योजनेचे उद्देश होते. भाव कोसळलेल्या वर्षी या योजनेने कोरडवाहू शेतकऱ्यास मोठा आधार दिला. परंतु भाव चढलेल्या वर्षी राज्याबाहेर कापूस नेण्यास बंदी असल्याने तिचा त्यास काच होई व चोरटी वाहतूक वाढे. प्रतवारीतील वाद, केंद्रावरील गाड्यांच्या रांगा आणि महिनोन्‌महिने लांबणारे चुकारे यांमुळे नाराजी साचत गेली. १९८० पासून शरद जोशी यांच्या नेतृत्वाखाली उभ्या राहिलेल्या शेतकरी संघटनेने रास्त भावाबरोबरच व्यापारावरील बंधने उठविण्याची मागणी केली. १९९० च्या दशकात तोटा वाढत गेला आणि २००२-०३ च्या सुमारास खाजगी व्यापाऱ्यांना खरेदीस मुभा देण्यात आल्यावर एकाधिकार संपुष्टात आला.

उदारीकरणानंतर : १९९१ च्या आर्थिक धोरणाने व १९९५ मध्ये अमलात आलेल्या जागतिक व्यापार संघटनेच्या कृषिविषयक कराराने देशातील कापसाचा भाव जागतिक भावाशी अधिक निगडित झाला. मार्च २००२ मध्ये बीटी कापसास मान्यता मिळाली. जालना येथील महिको या बियाणे कंपनीचा तीत सहभाग होता. अल्पावधीतच कापसाखालील बहुतेक क्षेत्र या वाणांखाली आले व ज्वारीचे क्षेत्र आकुंचित झाले. प्रारंभी फवारणीचा खर्च घटला परंतु २०१७ मध्ये गुलाबी बोंडअळीच्या प्रादुर्भावाने राज्यातील कापसाचे मोठे नुकसान झाले. २०१०-११ व २०२१-२२ मध्ये कापसास फार चांगला भाव मिळाला, तर अन्य काही वर्षी तो हमी भावाखाली गेला. मध्यम धाग्याच्या कापसाचा किमान आधारभूत भाव २०२५-२६ साठी क्विंटलला ७,७१० रु. ठरला. त्याच वर्षी ऑगस्ट ते डिसेंबर या काळात कापसावरील आयात शुल्क माफ करण्यात आले. एकाच शासनाला उत्पादकाचे व गिरणीचे हित एकाच वेळी सांभाळावे लागते, त्याचे हे उदाहरण होय.

पणनाच्या क्षेत्रात २००३ च्या केंद्रीय आदर्श अधिनियमास अनुसरून महाराष्ट्राने २००६ मध्ये खाजगी बाजार, थेट खरेदी व करारशेती यांना वाट करून दिली. २०१६ मध्ये फळे व भाजीपाला नियमनातून वगळण्यात आला. सप्टेंबर २०२० मध्ये केंद्राने केलेले तीन कृषी कायदे उत्तरेकडील शेतकऱ्यांच्या दीर्घ आंदोलनानंतर २०२१ च्या अखेरीस रद्द झाले. दुसरीकडे नापिकी, कर्ज व आत्महत्या यांच्या पार्श्वभूमीवर २००८, २०१७ व २०१९ मध्ये कर्जमाफीच्या योजना जाहीर झाल्या. पीकविम्यात नफा-तोट्याची मर्यादा ८० व ११० टक्के ठरविणारा जो नमुना २०२० मध्ये प्रथम बीड जिल्ह्यात वापरला गेला, तो ‘बीड पॅटर्न’ म्हणून ओळखला जातो. पुढे तो राज्यभर स्वीकारण्यात आला.

मूल्यमापन : सु. दीडशे वर्षांच्या या सुधारणांनी मराठवाड्यातील शेतकऱ्यास वेठ, जहागिरदारी व असुरक्षित कुळवहिवाट यांतून बऱ्याच अंशी मुक्त केले, हे निर्विवाद आहे. तथापि प्रत्येक टप्प्यावर जोखमीची वाटणी मागेच राहिली. सालारजंगी सुधारणांनी सारा निश्चित केला, पीक निश्चित नव्हते. कूळकायद्याने जमीन दिली, पण ती कसण्यास लागणारे भांडवल दिले नाही. एकाधिकार योजनेने भाव बांधून दिला, परंतु शेतकऱ्याचे विक्रीचे स्वातंत्र्य काढून घेतले. उदारीकरणाने ते स्वातंत्र्य परत दिले, पण भाव पडल्यास सोसण्याचा भारही त्याच्यावर टाकला.

खुल्या बाजाराचा लाभ माल थांबवून ठेवू शकणाऱ्यास होतो. गंगथडीतील पाच एकरांचा धनी व आडतीचा पेढीवाला या दोघांना लिलावात एकच भाव पुकारला जात असला, तरी एकास तो त्याच दिवशी पत्करावा लागतो व दुसरा वाट पाहू शकतो. राज्य कृषी पणन मंडळाची शेतमाल तारण योजना या दृष्टीने विशेष उल्लेखनीय आहे. १९९०-९१ पासून चालू असलेल्या या योजनेत सोयाबीन, तूर इ. माल बाजार समितीच्या गोदामात ठेवून त्याच्या किंमतीच्या ७५ टक्क्यांपर्यंत अल्प व्याजाने कर्ज मिळते. कंपनी कायद्यातील २००२ च्या दुरुस्तीने शक्य झालेल्या शेतकरी उत्पादक कंपन्यांचा उद्देशही एकत्रित साठवण व विक्री हाच आहे. गोदाम, वेळेवर मिळणारी पत, पाण्याचा किमान भरवसा व नुकसानीची त्वरित भरपाई या चार गोष्टी गावपातळीवर उपलब्ध झाल्याखेरीज बाजाराचे स्वातंत्र्य उमापूरसारख्या गावातील कोरडवाहू शेतकऱ्याच्या वाट्यास पूर्णांशाने येणार नाही, असे या प्रदेशाच्या इतिहासावरून दिसून येते.